किंमत नऊ आणे

(दृश्य: जुन्या पुस्तकाचं मुखपृष्ठ. कॅमेरा सावकाश खालच्या ओळीवर.)

पुणे, १८८२. श्री शिवाजी छापखाना. प्रती पाचशे, किंमत नऊ आणे. पुस्तकाचं नाव 'स्त्रीपुरुषतुलना'. लिहिणाऱ्या ताराबाई शिंदे, राहणार बुलढाणा. नावाखालीच वाद मांडलाय: स्त्री आणि पुरुष, यांत साहसी कोण? इथे साहस म्हणजे शौर्य नव्हे बरं का. मागचापुढचा विचार न करता केलेलं दुष्कृत्य!

निमित्त घडलं सुरतेत. १८८१ साली विजयालक्ष्मी नावाच्या तरुण ब्राह्मण विधवेला, पोटचं मूल मारल्याबद्दल फाशी सुनावली गेली. अपिलात काळं पाणी झालं. विधवेला पुन्हा लग्न करायची सोय नाही, आणि दिवस गेले तर तोंड लपवायला जागा नाही. ते राहिलं बाजूला. 'पुणेवैभव' पत्रानं समस्त बायकांनाच धारेवर धरलं.

ताराबाईंचे वडील बापूजी हरी शिंदे डेप्युटी कमिशनरच्या कचेरीत हेडक्लार्क, सत्यशोधक समाजाचे सभासद. लेकीला त्यांनी मराठी, संस्कृत, इंग्रजी शिकवलं. पण पुस्तकातली भाषा पंडिती नाही. पदर खोचून दारात उभी राहिलेली बाई बोलते, तशी आहे. एकेक दुर्गुण घ्यायचा, बायकांवर लादलेला, आणि पुरुषांसमोर आरसा धरायचा. कोट-बूट चढवून साहेब झालात, मग बाईच्या बाबतीतच तेवढा जुना धर्म कसा आठवतो? देवादिकांनाही त्या सोडत नाहीत.

(दृश्य: वटपौर्णिमा. वडाच्या खोडावर सुताचे वेढे.)

सावित्री नवऱ्यासाठी यमाच्या मागे गेली. बायकोचा जीव परत आणायला त्या वाटेनं कुणी नवरा गेल्याचं ऐकलंय का, असं ताराबाई विचारतात. वडाखाली उभं राहून हा प्रश्न आठवला, की हातातला दोरा क्षणभर थांबतो. निदान माझा थांबला.

जोतीराव फुल्यांनी १८८५ मध्ये 'सत्सार' या आपल्या नियतकालिकातून ताराबाईंची बाजू घेतली. पुढे पुस्तक विस्मरणात गेलं. १९७५ साली अभ्यासक स. गं. मालशे यांनी ते पुन्हा छापलं, तेव्हा नव्वदहून जास्त वर्षं उलटली होती.

ताराबाईंचं दुसरं पुस्तक आढळत नाही.