पहिल्या तीन वर्षांच्या आठवणींचं काय होतं?

[पडद्यावर: पाळण्यात तीन महिन्यांचं बाळ. वर रंगीत ठोकळ्यांचं टांगतं खेळणं.]

बाळाच्या घोट्याला रिबीन बांधली आहे आणि तिचं दुसरं टोक वरच्या खेळण्याला. पाय झाडला की ठोकळे हलतात, एकमेकांवर आपटतात. सुरुवातीला हे नुसतंच घडत राहतं. मग कधीतरी बाळाच्या ध्यानात येतं की हलवणारे आपणच! त्यानंतर ते असे काही पाय मारायला लागतं की बघणाऱ्याला हसू आवरत नाही.

आपल्याकडे पाळण्यावर चिमणाळं टांगतात ते बाळानं बघत राहावं म्हणून. कॅरोलिन रोव्ही-कोलियर या अमेरिकन मानसशास्त्रज्ञ बाईंनी ते खेळणं बाळाच्या पायालाच जोडलं. कारण अगदी घरगुती होतं. मुलगा तान्हा, आणि त्याच्यासाठी खेळणं हलवत बसलं तर स्वतःचं काम व्हायचं कधी? पण मुलगा हे किती चटकन शिकला ते बघून त्यांनी त्याचा रीतसर प्रयोगच केला. १९६९ साली त्यावरचा शोधनिबंध छापून आला. पुढे रटगर्स विद्यापीठात असताना त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बाळांच्या घरी जाऊन, त्यांच्याच पाळण्यात, हा प्रयोग कितीतरी वेळा केला.

तान्ह्या बाळाला काही आठवतं का, हे विचारायचं कसं? त्याला बोलता तर येत नाही. रोव्ही-कोलियरबाईंनी ते पायाला विचारलं.

[पडद्यावर: रिबीन खेळण्यापासून सोडवून बाजूच्या दांडीला अडकवणारा हात.]

आधी तीन मिनिटं रिबीन नुसतीच दांडीला बांधायची. बाळ एरवी किती पाय हलवतं ते मोजायचं. मग नऊ मिनिटं रिबीन खेळण्याला. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. नंतर मध्ये काही दिवस जाऊ द्यायचे आणि रिबीन परत नुसती दांडीला बांधून खेळणं समोर धरायचं. आता पाय हलवून काहीच होणार नाही, तरी बाळ जोरात पाय मारायला लागलं, तर त्याला आठवतंय.

दोन महिन्यांच्या बाळाला एक-दोन दिवस आठवतं. तीन महिन्यांच्या बाळाला सुमारे आठवडाभर. सहा महिन्यांच्या बाळाला दोन आठवडे. त्याहून मोठ्यांना पाय मारण्यात रस उरत नाही, म्हणून त्यांना कळ दाबून छोटी आगगाडी चालवायला दिली. दीड वर्षाच्या मुलांनी ती युक्ती तीन महिने लक्षात ठेवली.

पण मला त्यातली सगळ्यांत नवलाची वाटते ती पुढची गोष्ट. तीन महिन्यांचं बाळ दोन आठवड्यांनी सगळं विसरलेलं असतं. खेळणं दाखवलं तरी पाय ढिम्म. मात्र परीक्षेच्या आदल्या दिवशी तेच खेळणं त्याला तीन मिनिटं नुसतं हलवून दाखवलं, तर दुसऱ्या दिवशी पाय पुन्हा सुरू होतात. म्हणजे आठवण पुसली गेली नव्हती, तिच्यापर्यंत पोचता येत नव्हतं. आणि ही आठवण भारी हट्टी असते. पाळण्याच्या कडेचं नक्षीचं कापड बदलून वेगळं लावलं, तर खेळणं तेच असूनही बाळाला काही सुचेनासं होतं. आपल्याला खेळण्याची आठवण वेगळी आणि कापडाची वेगळी. बाळासाठी तो सगळा एकच प्रसंग असतो.

[पडद्यावर: जुना कौटुंबिक अल्बम. कुणाच्या तरी पहिल्या वाढदिवसाचा फोटो.]

मग प्रश्न असा येतो, की इतकं आठवत असेल तर आपल्याला त्यातलं आज काहीच का आठवत नाही? स्वतःचं बारसं कुणाला आठवत नाही. पहिलं पाऊल, पहिला पाऊस, काही नाही. मोठ्या माणसांना त्यांची सर्वांत जुनी आठवण विचारली, तर ती सरासरी साडेतीन वर्षांच्या आसपासची निघते. मनोविश्लेषणाचा जनक फ्रॉइड यानं १९०५ साली याबद्दल लिहिलं आणि दडपलेल्या इच्छांकडे बोट दाखवलं. ते स्पष्टीकरण आज फारसं कुणी धरून बसत नाही.

हे विसरणं नेमकं केव्हा होतं, ते मानसशास्त्रज्ञ पॅट्रिशिया बाउअर यांनी मुलांचा वर्षानुवर्षं मागोवा घेऊन पाहिलं. तीन वर्षांची मुलं आपल्या आईशी अलीकडच्या घटनांबद्दल बोलत असताना त्यांनी ते बोलणं ध्वनिमुद्रित केलं. मग त्या मुलांना काही वर्षांनी, कुणाला पाचव्या वर्षी तर कुणाला नवव्या, त्याच घटना विचारल्या. पाच ते सात वर्षांच्या मुलांना त्यांतल्या ६० टक्क्यांहून जास्त आठवत होत्या. आठ-नऊ वर्षांच्या मुलांना ४० टक्क्यांहूनही कमी. म्हणजे तुमच्या घरातलं सहा वर्षांचं मूल दोन-अडीच वर्षांचं असतानाची एखादी गोष्ट सांगत असेल, तर ती थाप असेलच असं नाही. आणखी दोन वर्षांनी मात्र तीच गोष्ट त्याच्यापाशी असेल याची खात्री देता येत नाही.

[पडद्यावर: प्रयोगशाळेत चाकावर धावणारा उंदीर.]

मेंदूच्या आत काय चालतं याचा एक धागा टोरांटोच्या मुलांच्या रुग्णालयातून मिळाला. तिथल्या पॉल फ्रँकलंड आणि शीना जॉसलिन यांच्या गटानं २०१४ साली उंदरांवरचं काम प्रसिद्ध केलं. हिप्पोकॅम्पस हा मेंदूचा भाग प्रसंगांच्या आठवणी बांधतो. बालपणी तिथे नव्या पेशी भराभर तयार होत असतात, आणि त्या जुन्या जोडण्यांत घुसून त्या विस्कटतात, असा त्यांचा अंदाज. मोठे उंदीर चाकावर धावले की त्यांच्या मेंदूत नव्या पेशी वाढतात. तसे ते धावले, तर नुकतंच शिकलेलं विसरले. उलट पिल्लांमध्ये औषधानं पेशींची ही वाढ मंदावली, तर त्यांना जास्त दिवस आठवलं. गिनीपिगचं पिल्लू जन्मतःच बऱ्यापैकी तयार मेंदू घेऊन येतं, आणि ते लहानपणी फारसं विसरत नाही.

त्याच गटाचं २०१८ सालचं काम तर पाळण्यातल्या त्या बाळाची आठवण करून देतं. पिल्लू असताना जिथे विजेचा धक्का बसला, ती जागा उंदीर मोठेपणी साफ विसरलेले होते. शिकताना कामाला लागलेल्या नेमक्या पेशी प्रकाशानं चेतवल्या, तेव्हा ते पुन्हा भीतीनं गोठले. आठवण आतच होती. अर्थात उंदरावरून माणसावर उडी मारायची ती जपून. तरी येल विद्यापीठातल्या संशोधकांनी चार महिन्यांपासून दोन वर्षांपर्यंतच्या मुलांचा मेंदू ती जागी असताना एमआरआय यंत्रात पाहिला (हे जमवणं म्हणजे काय, ते घरात तान्हं मूल असलेल्यालाच कळेल), आणि २०२५ साली दाखवून दिलं, की चित्र बघताना हिप्पोकॅम्पस जितका जास्त कामाला लागतो, तितकं ते चित्र मूल नंतर ओळखतं. वर्षाच्या पुढच्या मुलांत हे जास्त ठळक दिसलं.

[पडद्यावर: मोठी पेटी, तिला दांडा, दिवे. शेजारी एक मूल.]

न्यूझीलंडमधल्या ड्युनेडिनला गॅब्रिएल सिमकॉक आणि हार्लीन हेन या मानसशास्त्रज्ञांनी एक जादूची पेटी बनवली. वरून मोठं खेळणं टाकायचं, दांडा फिरवायचा, आवाज होतात, आणि खालून तेच खेळणं छोटं होऊन बाहेर येतं. सव्वादोन ते सव्वातीन वर्षांची मुलं खूश. सहा महिन्यांनी किंवा वर्षानं त्याच मुलांना पेटीबद्दल विचारलं. दांडा कसा फिरवायचा हे पुष्कळांना करून दाखवता येत होतं, फोटोतून खेळणी ओळखता येत होती. मधल्या काळात त्यांना बोलताही चांगलं यायला लागलं होतं. पण जे शब्द पेटी पाहिली त्या दिवशी त्यांच्यापाशी नव्हते, त्यांतला एकही शब्द वापरून एकाही मुलानं ती आठवण सांगितली नाही. मूल मोठं झालं, आठवण शब्दांविनाच राहिली. सहा वर्षांनी पुन्हा विचारलं तेव्हा जेमतेम पाचव्या हिश्शाइतक्या मुलांना पेटी आठवत होती.

मग काही आठवणी तरतात त्या कशामुळे? बऱ्याच अंशी घरातल्या बोलण्यामुळे, असं रॉबिन फिवुश आणि इलेन रीझ या मानसशास्त्रज्ञांच्या कामातून दिसतं. दोन घरं ऐका.

[पडद्यावर: काळी चौकट. फक्त आवाज.]

"काल आपण कुठे गेलो होतो? सांग काकांना."
"..."
"अरे, सांग ना! कुठे गेलो होतो? सकाळी तर सांगत होतास."

दुसरं घर.

"काल राणीच्या बागेत तो पाणघोडा केवढं तोंड उघडून बसला होता, नाही? तू काय म्हणालास त्याला?"
"दात घास!"
"हो! आणि आजोबा इतके हसले की त्यांच्या हातातला चहाच सांडला."
"शर्टावर."

पहिल्या घरात तोंडी परीक्षा चालली आहे. पाहुण्यांसमोर ती आपण सगळेच घेतो. दुसऱ्या घरात आई एक धागा देते, मूल दुसरा जोडतं, आणि प्रसंगाला पुढचं-मागचं मिळतं. अशी भर घालत बोलणाऱ्या आयांच्या मुलांना बारा-तेराव्या वर्षी आपल्या अधिक लहानपणच्या गोष्टी आठवतात, असं न्यूझीलंडमधल्या मुलांच्या दीर्घ अभ्यासात आढळलं. तिथल्याच मूळच्या माओरी लोकांत वंशावळ, पूर्वजांच्या कथा, घरात घडून गेलेलं पुन्हा पुन्हा सांगण्याची रीत आहे. त्यांची सर्वांत जुनी आठवण सरासरी पावणेतीन वर्षांच्या आसपासची निघाली. युरोपीय वंशाच्या शेजाऱ्यांची साडेतीनच्या.

पण बोलण्यानं आठवण टिकते, तशी ती घडवताही येते.

[पडद्यावर: पॅरिसचा जुना रस्ता, बाबागाडी.]

मुलांच्या बुद्धीचा अभ्यास करणारे झाँ पियाजे यांना लहानपणची एक घटना लख्ख आठवत असे. पॅरिसच्या शाँझेलिझे रस्त्यावर त्यांना बाबागाडीतून पळवून नेण्याचा प्रयत्न झाला. दाईनं त्या माणसाला अडवलं, तिच्या तोंडावर ओरखडे उठले, पोलीस आला, माणूस पळाला. पियाजे पंधरा वर्षांचे असताना त्या दाईनं त्यांच्या आईवडलांना पत्र लिहिलं, की ती सगळी कहाणी मी रचली होती. बक्षीस म्हणून मिळालेलं घड्याळही तिनं परत केलं. पियाजेंनी ती कहाणी लहानपणी घरात ऐकली होती, आणि तिची आठवण करून घेतली होती.

घरात याचं फार काही बिघडत नाही. न्यायालयात बिघडतं. "काय झालं ते सांग" हा एक प्रश्न, आणि "त्या काकांनी तुला ओढलं ना?" हा दुसरा. लहान मुलाला दुसरा प्रश्न पुन्हा पुन्हा विचारत राहिलं, तर त्यातलं उत्तर कधी त्याच्या आठवणीत जाऊन बसेल सांगता येत नाही. उलट बाजूनं, आठवण खरी असली तरी उशीर जितका वाढेल, तितके तिचे बारकावे गळत जातात.

लैंगिक अत्याचारांपासून मुलांना संरक्षण देणाऱ्या, आपल्याकडच्या २०१२ सालच्या पॉक्सो कायद्यात या गोष्टींना जागा आहे. वकिलांनी मुलाला थेट प्रश्न विचारायचे नाहीत. प्रश्न न्यायाधीशांकडे द्यायचे आणि न्यायाधीशांनी ते मुलाला विचारायचे. साक्षीसाठी मुलाला वारंवार बोलवायचं नाही. विशेष न्यायालयानं गुन्ह्याची दखल घेतल्यापासून ३० दिवसांच्या आत त्याची साक्ष नोंदवायची, आणि उशीर झाला तर कारण लिहून ठेवायचं. पुष्कळदा कारणं लिहिली जातात, पुढच्या तारखा पडतात, आणि तोवर नातेवाईक, शेजारीपाजारी त्या मुलाला तीच गोष्ट विचारून जातात.