आवाजाची आडवाट

श्रोतेहो, नमस्कार. हा आवाज तुमच्यापर्यंत पोचण्याआधी मेंदूने गळ्याला दिलेला हुकूम छातीत उतरला, हृदयाजवळच्या मोठ्या धमनीला वळसा घालून पुन्हा वर आला आणि मग कुठे स्वरतंतू हलले. तुम्ही घरात कुणाला हाक मारता तेव्हाही हेच घडतं.

मेंदूतून निघालेला व्हेगस हा मज्जातंतू मानेतून खाली येताना स्वरयंत्राच्या शेजारून जातो. पण स्वरतंतू उघडणारी-मिटणारी त्याची शाखा तिथे फुटत नाही. डावीकडची शाखा छातीत फुटते, महाधमनीच्या कमानीखालून वळते आणि श्वासनलिका व अन्ननलिका यांच्यामधल्या खाचेतून वर चढते. उजवीकडची गळ्याच्या हाडामागच्या धमनीलाच वळते, म्हणून तिची वाट आखूड. डॉक्टर या दोन्ही शाखांना रिकरंट लॅरिन्जिअल नर्व्ह म्हणतात. मोठ्या जिराफात डावी चार मीटरांहून लांब भरते, आणि स्वरयंत्र असतं डोक्याच्या मुळाशीच!

याचं मूळ माशांसारख्या पूर्वजांत आहे. त्यांना मान नव्हती. कल्ल्यांच्या कमानी ओळीने होत्या, प्रत्येकीत एक रक्तवाहिनी, आणि व्हेगसच्या शाखा त्या वाहिन्यांमागून सरळ कल्ल्यांत जात. पुढे मान लांबली, हृदय छातीत सरकलं, वाहिनी खाली ओढली गेली आणि तिच्यामागे अडकलेली शाखाही. पिढीगणिक तंतू किंचित लांबवणं सोपं होतं. तो धमनीच्या पुढून न्यायचा तर गर्भाची सगळी मांडणीच बदलायला हवी, आणि मधल्या प्रत्येक पिढीने जगायलाही हवं.

मानवी गर्भातही या कमानी तयार होतात. उजवीकडची सहावी वाहिनी विरून जाते, म्हणून तिकडचा तंतू वर सरकून चौथीला अडकतो. फार थोड्या माणसांत, शंभरात एखाद्यात किंवा त्याहूनही कमी, उजवीकडची चौथीही विरते. मग अडकायला काहीच उरत नाही आणि तंतू सरळ स्वरयंत्रात जातो. त्यांचा आवाज अगदी आपल्यासारखाच असतो. वळशाचा बोलण्याला काडीचाही उपयोग नाही, याचा मला हा सगळ्यात स्वच्छ पुरावा वाटतो.

या वळशाची किंमत शस्त्रक्रियेत मोजावी लागते. तंतू थायरॉइड ग्रंथीला मागून चिकटून जातो. एका बाजूचा दुखावला तर आवाज घोगरा होतो, पाणी पिताना ठसका लागतो. दोन्ही दुखावले तर स्वरतंतू जवळजवळ मिटून राहतात, श्वास कोंडतो, श्वासनलिकेला छिद्र पाडावं लागू शकतं. म्हणून कुशल सर्जन आधी तंतू शोधतो, मगच ग्रंथी सोडवतो. काही ठिकाणी श्वासनलिकेत घालायच्या नळीवर इलेक्ट्रोड असतात. तंतूला सूक्ष्म विद्युतझटका दिला की स्नायू हलल्याचा संकेत मिळतो.

डावा तंतू छातीत उतरतो, म्हणून छातीतला आजारही आवाजातून कळू शकतो. फुप्फुसातली गाठ, महाधमनीचा फुगवटा, वाढलेल्या लसिका ग्रंथी, यांपैकी काहीही त्याला दाबू शकतं. संधिवाती तापानंतर हृदयाची झडप अरुंद होऊन त्याचा वरचा डावा कप्पा फुगला तरी आवाज बसू शकतो. ऑस्ट्रियन डॉक्टर ऑर्टनर यांनी हे 1897 मध्ये नोंदवलं. तेव्हा आवाज तीन आठवड्यांहून जास्त बसलेला असेल, तर गुळण्या करत थांबू नका. कान-नाक-घसा तज्ज्ञांकडून दुर्बिणीने स्वरतंतू पाहून घ्या. डावा स्वरतंतू हलत नसेल आणि कारण सापडत नसेल, तर नुसत्या मानेचा स्कॅन पुरत नाही. तो छातीत महाधमनीच्या कमानीच्या खालपर्यंत व्हायला हवा, हे डॉक्टरांना जरूर विचारा.