कात्री आणि पदर

श्रोतेहो, नमस्कार. भाऊबीजेनंतर गावोगावी भरणाऱ्या मंडईत, म्हणजे जत्रेत, भंडारा-गोंदियाकडची खडी गंमत हे लोकनाट्य आपण रात्रभर जागून पाहिलेली आहे. आज मी दूरच्या एका कलावतीविषयी बोलणार आहे, कारण तिच्यामुळे मला आपल्या गमतीतला नाच्या, म्हणजे बाईच्या वेशात नाचणारा पुरुष, नव्याने दिसला.

१९६४ साली जपानमधील क्योटो येथे योको ओनो या कलावती रंगमंचावर गुडघे मोडून बसल्या. अंगावर चांगले कपडे होते आणि पुढ्यात कात्री. प्रेक्षकांनी एकेकाने वर यावे, त्यांच्या कपड्याचा तुकडा कापावा आणि सोबत न्यावा, एवढीच योजना होती. त्या स्वतः काही बोलत नव्हत्या. पुढच्या वर्षी न्यूयॉर्कमध्ये झालेल्या प्रयोगाचे चित्रीकरण झाले. त्यात एक तरुण येऊन त्यांच्या अंतर्वस्त्राचे पट्टेसुद्धा कापतो आणि त्यांचे हात छातीवर जातात. ते दोन हात मला विसरता येत नाहीत.

ते पाहताना मला लहानपणीचा शाळेचा ओटा आठवला. तेथे बल्बच्या उजेडात, आरशाच्या फुटक्या तुकड्यात पाहून एक शेतमजूर मिशी उतरवत होता. धान कापताना विळा लागलेल्या बोटाला त्याने चिंधी बांधली होती, आणि त्याच हातात तो जपून एकेक बांगडी चढवत होता. लुगडे नेसून झाले, घुंगरू बांधले, पदर खांद्यावर आला आणि त्याची मान वळवण्याची तऱ्हाच पालटली. तो आता कोण होता, हे मला त्या वयात कळले नाही. आजही पुरते कळले आहे असे मी म्हणणार नाही.

ढोलकी-तुणतुण्यावर रात्र चढली. एकाने त्याच्या पदराला बक्षिसाची नोट टाचली आणि थोड्या वेळाने त्यानेच तो पदर ओढला. लोक हसले. नाच्याने गाणे न थांबवता पदर सोडवून घेतला.

योको ओनो यांनी हा प्रयोग २००३ साली, वयाच्या सत्तरीत, पॅरिसमध्ये पुन्हा केला. कात्री कोणापुढे आणि केव्हा ठेवायची, हे ठरवणे त्यांच्या हाती होते. आपल्या नाच्याला तेवढी मुभा नव्हती आणि म्हणून त्याचे धैर्य मला अधिक मोठे वाटते, कारण प्रयोग संपल्यावर त्याला त्याच प्रेक्षकांत राहायचे होते.

दुसऱ्या दिवशी तो बांधीत वाकून धान कापत होता. वरच्या ओठावरची कातडी उघडी, फिकी दिसत होती. पदर ओढणारा माणूस त्याच बांधीत, त्याच्या शेजारच्या ओळीत होता.