मृत्युंजय मागवलं, मृत्युंजयच आलं

टेबलावर ही दोन पुस्तकं दिसतायत ना, दोन्हीचं नाव मृत्युंजय. दोन्ही कादंबऱ्या. पहिली शिवाजी सावंतांची, १९६७ ची, ती बहुतेक मराठी घरांत कुणी ना कुणी वाचलेली असतेच. दुसरी हिंदीत आहे आणि ती माझ्याकडे चुकून आली.

झालं असं की एका मित्राला सावंतांचं मृत्युंजय वाचायचं होतं, त्याला मराठी येत नाही, म्हणून मी हिंदी अनुवाद शोधला, सेकंडहँड मिळाला, लिस्टिंगवर फक्त नाव आणि भाषा लिहिलेली, फोटो नाही, मी ऑर्डर करून मोकळा झालो. पार्सल फोडलं आणि सहज मधलं एक पान उघडलं तर तिथे कर्ण नाही, कुंती नाही, दुर्योधनाचा पत्ता नाही. आसामातली गावं, १९४२ चं आंदोलन आणि लष्कराची रेल्वेगाडी रुळावरून पाडायच्या तयारीत असलेली माणसं! परत पहिल्या पानावर गेलो, तिथे नाव मृत्युंजयच, लेखक मात्र बीरेंद्रकुमार भट्टाचार्य. मूळ असमिया कादंबरी, १९७० ची, म्हणजे सावंतांच्या कादंबरीनंतर अवघ्या तीन वर्षांनी आलेली. १९७९ चं ज्ञानपीठ भट्टाचार्यांना मिळालं ते याच पुस्तकासाठी, आणि असमिया भाषेला मिळालेलं ते पहिलं ज्ञानपीठ. एवढं मोठं पुस्तक, आणि मला त्याचं नावही माहीत नव्हतं असं म्हणायला गेलो तर तेही खरं नाही, नाव तर पाठच होतं.

रिटर्न करायचा विचार होता. रात्री दहा पानं वाचून बघू म्हटलं आणि दोन दिवसांत संपवलं.

त्यात एक वैष्णव गोसाईं आहे. देवाधर्माचा माणूस, आयुष्यभर अहिंसा मानलेली, आणि आता गाडी पाडायच्या कटात तोच पुढे आहे, म्हणजे माणसं मरणार हे त्याला पुरतं ठाऊक आहे. त्याची ही घालमेल लेखक कुठेच सोडवून टाकत नाही, तशीच चालू ठेवतो. सावंतांकडे कर्ण स्वतः बोलतो, कुंती बोलते, वृषाली बोलते, शोण बोलतो, प्रत्येक जण आपापलं दुःख आपल्या तोंडाने सांगतो. इकडे एक मोठा नायक, तिकडे नावही मागे न राहणारी साधी माणसं. आणि तरी दोघांनी शब्द निवडला तोच, मृत्यूला जिंकणारा. मला वाटतं दोन्ही पुस्तकं एकापाठोपाठ वाचल्याशिवाय हा शब्द केवढा मोठा आहे ते कळतच नाही.

तेव्हापासून मला ही सवय लागली. लायब्ररीच्या कॅटलॉगमध्ये लेखकाचा रकाना रिकामा सोडायचा, फक्त पुस्तकाचं नाव टाकायचं आणि जे येईल ते बघायचं.

आता साहजिक प्रश्न पडतो की एकच नाव दोघांना कसं चालतं, कुणी अडवत नाही का? नाही अडवत. नुसत्या नावावर कॉपीराइट नसतो. आपल्या सुप्रीम कोर्टाने २०१५ मध्ये देसी बॉईज या सिनेमाच्या नावावरून झालेल्या केसमध्ये हे स्पष्टच सांगितलं. कथा तुमची, तिचं शीर्षक म्हणजे ती कथा नव्हे. म्हणून तर पुस्तकाच्या मागे तो तेरा आकडी आयएसबीएन लागतो, म्हणजे त्या पुस्तकाचा स्वतःचा ओळख क्रमांक. हा बघा, बारकोडवर छापलाय. २००७ च्या आधी तो दहा आकडी होता. यातला शेवटचा आकडा नुसता तपासणीसाठी असतो, आधीच्या बारा आकड्यांना आळीपाळीने एक आणि तीनने गुणायचं, बेरीज करायची, आणि ती बेरीज पुढच्या पूर्ण दहापर्यंत न्यायला जेवढे कमी पडतात तो हा आकडा. म्हणजे टाइप करताना एखादा आकडा चुकला तर कॉम्प्युटरला लगेच कळतं. नावाच्या बाबतीत अशी सोय नाही, नाव अगदी बरोबर टाइप करूनही पुस्तक भलतंच येऊ शकतं.

जॉयलँडचं तेच झालं. स्टीफन किंगची या नावाची कादंबरी २०१३ मध्ये आली आणि सुरुवातीला ती फक्त छापील होती, ई-बुक काढलंच नव्हतं. लोकांनी ई-बुक शोधलं, सापडलं, विकत घेतलं, पण ते होतं एमिली शुल्ट्झ या लेखिकेचं २००६ चं जॉयलँड. काहींनी चिडून वाईट रिव्ह्यूही दिले! त्या बाईंना मात्र अनपेक्षित रॉयल्टी मिळाली आणि त्यांनी ते पैसे कशावर खर्च केले हेही लिहून ठेवलं.

पण मला सगळ्यात नवल वाटलं ते गीतांजलीचं. इथे लेखकही एकच. बंगाली गीतांजली १९१० ची, त्यात १५७ कविता. इंग्रजी गीतांजली १९१२ ची, त्यात १०३. आपण धरून चालतो की दुसरं पहिल्याचं भाषांतर असणार. तसं नाहीये, इंग्रजीतल्या जवळपास निम्म्या कविता रवींद्रनाथांनी आपल्या दुसऱ्याच संग्रहांतून घेतल्यात, आणि बंगालीतली गाणी इंग्रजीत गद्यात आलीत. १९१३ चं नोबेल गाजलं ते या इंग्रजी पुस्तकामुळे. म्हणजे मी गीतांजली वाचलंय असं कुणी म्हटलं तर कुठलं, हे विचारायलाच हवं.

आणि आता ययाती. खांडेकरांची कादंबरी १९५९ ची, गिरीश कर्नाडांचं कन्नड नाटक १९६१ चं. गोष्ट एकच, महाभारतातली, शुक्राचार्यांचा शाप, म्हातारा झालेला बाप आणि त्याला तारुण्य देऊन टाकणारा मुलगा पुरू. खांडेकरांनी ययाती, देवयानी, शर्मिष्ठा तिघांना बोलतं केलं. विशीतल्या कर्नाडांनी काय केलं, तर पुरूला एक बायको दिली, चित्रलेखा, जी मूळ गोष्टीत नाहीच. एका रात्रीत नवरा म्हातारा झालेली मुलगी. ती सासऱ्यासमोर उभी राहते आणि म्हणते की माझ्या नवऱ्याचं तारुण्य तुम्ही घेतलंत ना, मग मलाही स्वीकारा. त्याच्याकडे उत्तर नसतं आणि ती विष घेते. मी खांडेकरांचं पुस्तक शाळेत असताना वाचलं होतं, पण पुरूचं काही ठरलेलं असेल, त्याचंही कुणी माणूस असेल, हे मनातसुद्धा आलं नव्हतं. हे नाटक वाचल्यावर मी खांडेकर परत काढलं आणि या वेळी पुरूच्या पानांवर थांबत थांबत वाचलं.

हे शोधताना एक अडचण आली ती सांगतो. मी सर्चमध्ये ययाती लिहिलं, ती दीर्घ, आणि खांडेकर आलेच नाहीत. खूप वेळाने लक्षात आलं की १९६२ च्या शुद्धलेखनाच्या नियमांनी शेवटचा इकार दीर्घ केला, त्याआधीची पुस्तकं ऱ्हस्व ति छापायची, आणि कॅटलॉगमध्ये नाव मुखपृष्ठावर होतं तसंच चढवलेलं. कॉम्प्युटरला हे दोन वेगळे शब्द.

म्हणून आता प्रत्येक नाव दोनदा टाकतो. हे बघा, ती दीर्घ, एवढी पुस्तकं आली. आता तेच नाव, ति ऱ्हस्व केली, एंटर मारलं, आणि ही बघा खाली आणखी एक रांग.