दहा लाखांचे कर्ज, वीस वर्षांचा हिशेब

(दृश्य: नोव्हेंबरमधली सकाळ. आर्वी तालुक्यातल्या एका गावाचा रस्ता. कापसाने भरलेली गाडी जाते आहे. रस्त्याकडेला अर्धवट घर, स्लॅबमधून वर आलेल्या सळया.)

विदर्भातल्या खेड्यांत घराचे बांधकाम पिकाच्या चुकाऱ्याबरोबर, म्हणजे विक्रीच्या पैशांबरोबर, पुढे सरकत आले आहे. एका वर्षी पाया, पुढच्या वर्षी जोते आणि भिंती, कापूस बरा झाला तर स्लॅब, आणि छपाई घरातले पहिले लग्न ठरल्यावर, अशा क्रमाने बांधलेली घरे आजही गावोगाव दिसतात. ही पद्धत संथ होती. पावसाळे ताडपत्रीखाली काढावे लागत. पण तिच्यात व्याज नव्हते. आता बँका आणि गृहवित्त कंपन्या तालुक्याच्या गावापर्यंत पोहोचल्या आहेत, आणि घरात जिल्हा परिषदेचा शिक्षक, एसटीचा वाहक किंवा बुटीबोरीच्या कारखान्यात कामाला असलेला मुलगा असेल, तर त्याच्या पगारावर एका वर्षात घर उभे राहू शकते. या सोयीची वीस वर्षांत मिळून किंमत किती होते आणि ती सही करण्याआधी कशी मोजायची, हा या निवेदनाचा विषय आहे.

बँकेत कर्जाची चौकशी करणारा माणूस बहुधा एकच प्रश्न विचारतो, "हप्ता किती येते, साहेब?" प्रश्न स्वाभाविक आहे, कारण दर महिन्याला खिशातून जाणारी रक्कम तीच असते. पण हप्ता हा कर्जाच्या किमतीचा फार लहान भाग दाखवतो, आणि मुदत वाढवली की तो आणखी लहान दिसू लागतो. "एकूण किती जाते?" हा प्रश्न मात्र क्वचितच विचारला जातो.

(दृश्य: टेबलावर परतफेडीचा तक्ता. कॅमेरा पहिल्या ओळीवर थांबतो.)

एक उदाहरण शेवटपर्यंत धरून ठेवू. कर्ज 10 लाख रुपये, व्याजदर वार्षिक 9 टक्के, मुदत 20 वर्षे. महिन्याचा हप्ता येतो 8,997 रुपये. वीस वर्षांत असे 240 हप्ते भरले जातात आणि त्यांची बेरीज होते सुमारे 21 लाख 59 हजार रुपये. म्हणजे 10 लाखांच्या मुद्दलावर 11 लाख 59 हजारांचे व्याज.

गावात व्याज शेकड्याने मोजले जाते. सावकार "शेकडा दोन रुपये" म्हणतो तेव्हा ते महिन्याचे असते, म्हणजे वर्षाला 24 टक्के, हे कोणालाही समजावून सांगावे लागत नाही. त्याच रीतीने बँकेचे वार्षिक 9 टक्के म्हणजे महिन्याला शेकडा पाऊण रुपया. दहा लाखांवर पहिल्या महिन्याचे व्याज 7,500 रुपये झाले. आता तक्त्याची पहिली ओळ पाहा: हप्ता 8,997, व्याज 7,500, मुद्दल 1,497. भरलेल्या जवळजवळ नऊ हजारांपैकी दीड हजारानेही कर्ज कमी झालेले नाही. दुसऱ्या महिन्यात मुद्दल किंचित कमी, म्हणून व्याज अकरा रुपयांनी कमी आणि मुद्दलाकडे जाणारी रक्कम अकरा रुपयांनी जास्त. घटत्या शिलकीवरचे व्याज असेच चालते, आणि त्यात बँकेची कोणतीही लबाडी नाही. मात्र या संथपणाचा अर्थ कर्जदाराला आधी सांगितला जात नाही, ही माझी तक्रार आहे.

पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता भरल्यावर सुमारे 5 लाख 40 हजार रुपये बँकेकडे गेलेले असतात, आणि तरीही शिल्लक कर्ज असते 8 लाख 87 हजार. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, भरलेली रक्कम 10 लाख 80 हजार झालेली असते आणि शिल्लक असते 7 लाख 10 हजार. अर्धे मुद्दल फिटायला चौदा वर्षे लागतात. पाचव्या वर्षी बँकेत शिल्लक विचारायला गेलेल्या माणसाला आपली फसवणूक झाली असे वाटते, ते या आकड्यांमुळे.

हेच व्याज कापसात मोजले तर ते अधिक जवळून कळते. 2025-26 च्या हंगामासाठी लांब धाग्याच्या कापसाचा हमीभाव क्विंटलला 8,110 रुपये जाहीर झाला. आपल्या उदाहरणातल्या कर्जाचे पहिल्या वर्षाचे नुसते व्याज सुमारे 89 हजार रुपये आहे, म्हणजे हमीभावाने अकरा क्विंटल कापूस. कोरडवाहू जमिनीत दोन एकरांच्या वेचणीतून एवढा कापूस निघाला तर ते वर्ष चांगले म्हणायचे. बियाणे, खत, फवारणी आणि वेचणीची मजुरी यात अजून धरलेली नाही, आणि खेडा खरेदीत व्यापारी हमीभाव देतोच असेही नाही.

येथे मुदतीचा प्रश्न येतो. हेच कर्ज 15 वर्षांसाठी घेतले तर हप्ता 10,143 रुपये होतो, म्हणजे महिन्याला साधारण साडेअकराशे रुपये जास्त. पण एकूण व्याज 8 लाख 26 हजारांवर येते. महिन्याच्या या जादा रकमेने 3 लाख 33 हजार रुपये वाचतात. ज्या घरात एक पगार नियमित येतो, तेथे हप्ता हलका करण्यासाठी मुदत लांबवण्याआधी हे दोन आकडे शेजारी मांडून पाहिलेच पाहिजेत.

(दृश्य: ग्रामपंचायतीचे कार्यालय. नमुना 8 ची नोंदवही.)

ग्रामीण भागात कर्ज महाग होण्याचे एक कारण शहरातल्या माणसाच्या लक्षात येत नाही, आणि ते आहे कागद. गावठाणातल्या जुन्या घरांपाशी बहुधा ग्रामपंचायतीचा नमुना 8 असतो. तो कर आकारणीचा उतारा आहे, मालकीचा पुरावा म्हणून बँका त्याच्याकडे सहजासहजी पाहत नाहीत. गावालगतच्या शेतात घर बांधले असेल तर जमीन अकृषिक झाली आहे का, ती सरकारी परवानगीशिवाय हस्तांतरित न होणाऱ्या भोगवटादार वर्ग 2 ची तर नाही ना, सातबाऱ्यावर भावांची नावे आहेत का, असे प्रश्न येतात. या प्रश्नांवर बँक थांबली की माणूस अशा वित्त कंपनीकडे वळतो, जी हेच कागद स्वीकारते पण दर वाढवून मागते. हा दर 14 टक्के असेल तर 10 लाखांचा वीस वर्षांचा हप्ता 12,435 रुपये होतो आणि एकूण परतफेड 29 लाख 84 हजारांवर जाते. नऊ टक्क्यांच्या कर्जापेक्षा ही सव्वाआठ लाखांनी जास्त आहे. केंद्र सरकारच्या स्वामित्व योजनेतून, जी 24 एप्रिल 2020 रोजी सुरू झाली, गावठाणाची ड्रोनद्वारे मोजणी होऊन मालमत्ता पत्रके दिली जात आहेत. ज्या गावात ही पत्रके आली आहेत, तेथे कर्जाचा अर्ज करण्याआधी ते हाती घेणे आणि वाटणीची नोंद पूर्ण करणे, यासाठी दोन-चार महिने थांबावे लागले तरी ते थांबणे स्वस्त पडते.

दर सांगण्याची आणखी एक पद्धत गावात फसवते. "फक्त नऊ टक्के, फ्लॅट" असे कोणी सांगितले तर त्याचा अर्थ व्याज शेवटपर्यंत पूर्ण दहा लाखांवर लागणार, मुद्दल कितीही फिटले तरी. वीस वर्षांचे ते व्याज 18 लाख होते, आणि घटत्या शिलकीच्या हिशेबाने तो दर जवळपास 13 टक्के पडतो.

आता बदलत्या दराबद्दल. ऑक्टोबर 2019 पासून व्यापारी बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाहेरच्या मानकाशी जोडावी लागतात, आणि बहुतेक बँकांनी ती रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी, म्हणजे ती बँकांना ज्या दराने उसने पैसे देते त्या दराशी, जोडली आहेत. गृहवित्त कंपन्यांना मात्र हा नियम लागू नाही. त्या स्वतःच्या मूळ दराने चालतात. मे 2022 च्या सुरुवातीला रेपो दर 4 टक्के होता, तो फेब्रुवारी 2023 पर्यंत साडेसहा टक्क्यांवर गेला. त्या नऊ-दहा महिन्यांत असंख्य कर्जदारांचा हप्ता तोच राहिला, म्हणून त्यांना काही बदलले असे जाणवले नाही. वाढली होती ती मुदत. दहा लाखांच्या कर्जावर 7 टक्क्यांनी 7,753 रुपयांचा हप्ता ठरला असेल आणि दर लगेच 9 टक्के झाला, तर त्या हप्त्यातले 7,500 रुपये व्याजात जातात, मुद्दलासाठी 253 रुपये उरतात, आणि तोच हप्ता ठेवला तर कर्ज फिटायला 38 वर्षे लागतात. दर साडेनऊ झाला तर हप्त्यातून व्याजसुद्धा पूर्ण वसूल होत नाही. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट 2023 मध्ये बँकांना आणि वित्त कंपन्यांना सांगितले, की दर बदलताना त्याचा हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होईल हे कर्जदाराला कळवावे, आणि हप्ता वाढवायचा की मुदत, हे ठरवण्याचा पर्याय त्याला द्यावा. हा पर्याय आपल्या नावाने मागता येतो, पण त्यासाठी शाखेत जावे लागते. फेब्रुवारी 2025 पासून रेपो दर खाली येऊ लागला, तेव्हा आपला दर खरोखर उतरला का, हेही तेथेच विचारायचे आहे.

कर्जाला चिकटून येणारे खर्च लहान वाटतात. प्रक्रिया शुल्क, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, गहाणाचे मुद्रांक शुल्क हे एकदाच द्यायचे असतात. पण कर्जविम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला जातो, तेव्हा त्याचाही वीस वर्षांचा व्याजाचा प्रवास सुरू होतो. 40 हजारांचा विमा कर्जात गेला की 9 टक्क्यांनी तो शेवटी 86 हजारांना पडतो. घरात कमावता एकच असेल तर विमा घ्यावा, असे मला ठामपणे वाटते. तो रोख पैशांतून किंवा वर्षाच्या हप्त्याने मिळतो का, हे आधी विचारावे. ऑक्टोबर 2024 पासून मंजूर होणाऱ्या नव्या किरकोळ कर्जांसोबत "की फॅक्ट स्टेटमेंट", म्हणजे कर्जाच्या मुख्य बाबींचे पत्रक, देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व शुल्के धरून होणारा वार्षिक दर आणि परतफेडीचा तक्ता असतो, आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत हवे. मराठीत मागावे.

आयकराच्या सवलतीने कर्ज स्वस्त होते, हे वाक्य शेतकऱ्याच्या घरात नेहमी खरे ठरत नाही. शेतीच्या उत्पन्नावर आयकरच नाही, तेव्हा सवलत कशातून मिळणार? नोकरदार मुलालाही राहत्या घराच्या व्याजाची 2 लाखांपर्यंतची वजावट फक्त जुन्या करप्रणालीत मिळते.

(दृश्य: जुलै महिना. पेरणी झालेले शेत, डवरणी. शाखेसमोर उभी असलेली माणसे.)

या सगळ्याहून अवघड प्रश्न हंगामाचा आहे. पीककर्ज वर्षातून एकदा फेडायचे असते, म्हणून ते चुकाऱ्याशी जुळते. गृहकर्ज दर महिन्याला येते, आणि जून ते सप्टेंबर या काळात तर घरातला पैसा शेतात जात असतो. तीन हप्ते थकून नव्वद दिवस उलटले की खाते अनुत्पादक (एनपीए), म्हणजे बँकेच्या हिशेबात वसुली अडकलेले, ठरते, आणि पुढच्या वेळी पीककर्ज मागतानाही ती नोंद आडवी येते. थकलेल्या कर्जापोटी तारण ताब्यात घेण्याचा हक्क बँकेला देणाऱ्या सरफेसी कायद्याची साठ दिवसांची नोटीस शेतजमिनीला लागू होत नाही, पण घराला होते. आणि एक गैरसमज येथे स्पष्टपणे दूर केला पाहिजे: 2008, 2017 आणि 2019 च्या कर्जमाफ्या शेतीकर्जासाठी होत्या, गृहकर्ज त्यांच्यात नव्हते. कर्जमाफी होईल या आशेवर घराचा हप्ता थांबवणाऱ्या माणसाला कोणीतरी हे वेळेत सांगायला हवे होते, असे वाटण्याची पाळी अनेक घरांवर येते.

ज्या घराची कमाई शेतीवरच आहे, त्याने सहामाही किंवा वार्षिक हप्त्याची योजना आहे का, हे आधी विचारावे. नसेल, तर कापसाचा चुकारा हाती येताच पुढच्या सहा महिन्यांचे हप्ते, आपल्या उदाहरणात सुमारे 54 हजार रुपये, त्याच खात्यात वेगळे ठेवावे.

चांगले वर्ष आले तर मात्र कर्जाची किंमत खरोखर कमी करता येते. बदलत्या दराच्या, व्यक्तीने घेतलेल्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरल्याचा दंड बँकांना 2012 पासून घेता येत नाही. पहिल्या वर्षाअखेरीस 50 हजार रुपये जादा भरले तर मुदत सुमारे सव्वादोन वर्षांनी कमी होते. तेच 50 हजार पंधराव्या वर्षाअखेरीस भरले तर फक्त आठ-साडेआठ महिन्यांनी. दरवर्षी तूर विकल्यावर 25 हजार रुपये मुद्दलात भरत गेले, तर वीस वर्षांचे कर्ज तेरा वर्षांत संपते आणि एकूण परतफेड 21 लाख 59 हजारांऐवजी 17 लाखांच्या आसपास राहते. पैसे भरताना एक लेखी अर्ज द्यावा: हप्ता कमी करू नये, मुदत कमी करावी.

कर्ज फिटल्यावर शेवटचे काम उरते. डिसेंबर 2023 पासून, संपूर्ण परतफेडीनंतर तीस दिवसांत मूळ कागदपत्रे परत करणे बँकेवर बंधनकारक आहे, आणि तिच्यामुळे उशीर झाल्यास दिवसाला 5,000 रुपये भरपाई द्यावी लागते. बँकेचा ना-हरकत दाखला घेऊन तो ग्रामपंचायतीत, आणि सातबाऱ्यावर बोजा चढवला असेल तर तलाठ्याकडे द्यावा, फेरफार मंजूर झाल्यावर इतर हक्कांच्या रकान्यातून बँकेचे नाव गेलेला नवा उतारा काढावा, आणि तो कागदपत्रांसोबत ठेवावा.