पाठीवर मावेल तेवढंच

नमस्कार मंडळी. परवा गोव्यातल्या सत्तरी तालुक्यात ट्रेकला गेले होते, एका दिवसाचाच, तरी माझ्या सॅकमध्ये दोन पॉवरबँक, जादाचे कपडे, पोई-भाजीचा डबा आणि चक्क फोल्डिंग खुर्ची. अर्ध्या चढावर ती खुर्ची झाडाखाली ठेवली, येताना घेऊ म्हणून, आणि तेव्हा मला टिलमन आठवला.

बिल टिलमन. इंग्रज माणूस, जन्म १८९८ चा. कोवळ्या वयात पहिल्या महायुद्धात लढला, शौर्याचं पदक दोनदा मिळालं, मग सैनिकांसाठीच्या सोडतीत केनियात जमीन लागली म्हणून कॉफीचा मळा केला. तिथं एरिक शिप्टन भेटला आणि दोघं मिळून डोंगर चढायला लागले. १९३३ मध्ये केनिया सोडायचं ठरलं तर गडी बोटीने नाही गेला, स्वस्तातली सायकल घेतली आणि आफ्रिका आडवी कापत थेट पश्चिम किनारा गाठला!

हिमालयातल्या नंदादेवी शिखराभोवती उंच डोंगरांचं रिंगण आहे, आत शिरायचं तर ऋषीगंगेची घळ पार करायची, आणि पन्नासेक वर्षं भल्याभल्यांना ते जमलं नव्हतं. १९३४ मध्ये हे दोघं आणि तीन शेर्पा, आंग थारके, पासांग, कुसांग, एवढीच माणसं गेली आणि वाट काढून आत पोचली. त्या तिघांची नावं मी मुद्दाम घेतेय हं, कारण ओझी त्यांनीही वाहिली आणि नावं मात्र सहसा दोघांचीच घेतात.

दोन वर्षांनी टिलमन परत गेला, या वेळी ब्रिटिश आणि अमेरिकन मिळून टीम होती. शिखरावर जायची पाळी खरं तर चार्ल्स ह्यूस्टनची, पण हवाबंद डब्यातलं मांस बाधलं आणि तो आडवा झाला, म्हणून त्याच्या जागी टिलमन गेला. २९ ऑगस्ट १९३६ ला तो आणि नोएल ओडेल ७,८१६ मीटरवर पोचले. तोपर्यंत माणसाने एवढं उंच शिखर सर केलं नव्हतं, पुढे १९५० पर्यंत तो रेकॉर्ड टिकला. आणि वर पोचल्यावर सेलिब्रेशन काय, तर भान सुटून आम्ही हात मिळवले म्हणे, असं त्याने नंतर जवळजवळ लाजत लिहिलंय.

१९३८ मध्ये एव्हरेस्टच्या टीमचा तो लीडर होता. सामान कमी, खर्च कमी, आणि जेवण इतकं साधं की बरोबरचे कुरकुरले. शिखर काही मिळालं नाही, पण मला विचाराल तर पद्धत त्याचीच बरी, कारण पैशांसाठी चार जणांच्या दारात उभं राहिलं की मग कुठे जायचं तेही तेच ठरवतात.

आता गोंयकारांना जवळची गोष्ट. पन्नाशी उलटल्यावर, १९५४ मध्ये, या माणसाने १९०६ ची एक लाकडी शिडाची बोट घेतली, नाव ‘मिसचीफ’, म्हणजे खोडी. कशाला? तर जिथे रस्ताच जात नाही असे डोंगर समुद्रातून गाठायला. पॅटागोनिया, ग्रीनलंड, सगळीकडे गेला. खलाशी हवेत म्हणून पेपरात जाहिरात दिली, तीसुद्धा कशी, तर पगार नाही, पुढे बढती नाही, मजाही फारशी नाही!

हे मी आमच्या शेजारच्या काकांना सांगितलं. ते जुने तारवटी, जन्मभर जहाजावर कुक होते. म्हणाले, “पगार ना, मजा ना, मग जेवण तरी बरं असणार.” मी एव्हरेस्टची कुरकुर सांगितली तर पोट धरून हसले.

मग शेवटचं सांगितलं. १९७७ मध्ये, वय ७९, दुसऱ्याच्या बोटीवर साधा खलाशी म्हणून टिलमन अंटार्क्टिकाकडच्या एका बेटावर निघाला होता, तिथले डोंगर चढायचे म्हणून तरुण पोरं बरोबर. नोव्हेंबरात बोट रिओहून सुटली, ती फॉकलंडला पोचलीच नाही, काहीच सापडलं नाही. काका हसायचे थांबले. बराच वेळ काही बोलले नाहीत, मग एवढंच विचारलं, “त्या पोरांच्या घरी कोणी कळवलं?”