एका पंजाचं अंतर
(क्रीडाविषयक व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

आपल्या हाताचा पंजा जरा आडवा धरून बघा. बोटं जुळलेली, अंगठा चिकटवलेला. करंगळीच्या कडेपासून अंगठ्याच्या कडेपर्यंत साधारण दहा सेंटिमीटर भरतात. शंभर मीटरच्या शर्यतीत शेवटच्या रेषेजवळ जगातला अव्वल धावपटू सेकंदाच्या शंभराव्या भागात एवढंच अंतर कापतो. एक पंजा. ज्याच्याबद्दल मी आज बोलणार आहे, त्याची सगळी कारकीर्द याच मापाने मोजावी लागते.

त्याचं नाव किम कॉलिन्स. देश सेंट किट्स आणि नेव्हिस, कॅरिबियन समुद्रातली दोन बेटं. दोन्ही मिळून २६१ चौरस किलोमीटर, म्हणजे मुंबईच्या निम्म्याहूनही कमी. वस्ती पन्नास हजारांच्या आसपास. आपल्यातल्या क्रिकेटवेड्यांना राजधानी बासेटेर आठवत असेल. तिथल्या वॉर्नर पार्कवर पहिली कसोटी झाली ती २००६ साली, भारताविरुद्धच. आणि २००७ च्या विश्वचषकात हर्शेल गिब्सने एका षटकात सहा षटकार मारले तेही याच मैदानावर.

पण या बेटाची खरी ओळख ऊस. तीनशेहून अधिक वर्षं सेंट किट्स उसावर जगलं. आधी आफ्रिकेतून आणलेल्या गुलामांच्या राबणुकीवर, आणि १८६१ मध्ये तर हिंदुस्थानातूनही मजूर नेले गेले. फडातला ऊस कारखान्यावर आणायला बेटाभोवती छोटी रेल्वे होती. २००५ साली सरकारने साखर उद्योग कायमचा बंद केला. आता त्या रुळांवरून पर्यटक फिरतात. कारखाना बंद पडला की गावाचं काय होतं, हे आपल्या भागातल्या लोकांना मी सांगायची गरज नाही. त्या उसाच्या बेटावर ५ एप्रिल १९७६ ला किमचा जन्म झाला.

हा देश पहिल्यांदा ऑलिंपिकला गेला १९९६ साली, अटलांटाला. त्या पहिल्या संघात वीस वर्षांचा किम होता. पुढे अमेरिकेत टेक्सास ख्रिश्चन युनिव्हर्सिटीत शिकला, तिथेच तयार झाला. कॅरिबियनमधल्या पुष्कळ धावपटूंची वाट हीच असते, कारण बेटावर गुणी मुलं असतात, पण वर्षभर स्पर्धा देणारी व्यवस्था नसते. २००० साली सिडनीला तो शंभर मीटरच्या अंतिम फेरीत पोहोचला, सातवा आला. २००१ मध्ये एडमंटनला जागतिक स्पर्धेत दोनशे मीटरचं कांस्य, तेही वाटून. २००२ मध्ये मँचेस्टरला राष्ट्रकुल सुवर्ण, वेळ ९.९८ सेकंद. तिथे त्याच्या उत्तेजक द्रव्यांच्या चाचणीत साल्ब्युटामॉल सापडलं. ते दम्याचं औषध होतं. तो दम्यासाठीच ते घेत होता हे मान्य झालं आणि पदक त्याच्याकडेच राहिलं. दम्याचा त्रास असलेला माणूस दहा सेकंदांच्या आत शंभर मीटर धावला, हे ज्यांच्या घरात दम्याचं पोर आहे त्यांनी जरूर लक्षात ठेवावं.

आणि मग २५ ऑगस्ट २००३, पॅरिस.

त्या जागतिक स्पर्धेची शंभर मीटर आधीच गाजत होती. आदल्या दिवशी उपांत्यपूर्व फेरीत चुकीच्या सुरुवातीबद्दल बाद ठरवल्यावर अमेरिकेचा जॉन ड्रमंड ट्रॅकवर आडवा झाला होता, उठायला तयार नव्हता. अशा गदारोळातून अंतिम फेरी उभी राहिली. किमला मिळाली लेन एक. आता लेन म्हणजे काय ते बघा. सरळ शंभर मीटरमध्ये सगळ्या लेन सारख्याच लांबीच्या. पण मधल्या लेन उपांत्य फेरीत पुढे आलेल्यांना देतात, कडेच्या उरलेल्यांना. लेन एकवाल्याच्या एका बाजूला कोणीच नसतं. शर्यत जिथे पेटते ती मधली माणसं त्याच्यापासून लांब असतात. कोणाच्या खांद्याला खांदा लावून ओढ घ्यावी म्हटलं तरी मिळत नाही. आपलंच धावायचं.

बंदूक वाजली. किम सुरुवातीलाच पुढे गेला आणि मग त्याने एक अवघड गोष्ट केली: तो घाबरला नाही. शेवटच्या वीस मीटरमध्ये बाकीचे त्याला गाठत आले. रेषेवर सगळे एकाच वेळी कोसळल्यासारखे दिसले. फलकावर आकडे आले: कॉलिन्स १०.०७. ट्रिनिदादचा डॅरेल ब्राऊन १०.०८. ब्रिटनचा डॅरेन कॅम्बेल १०.०८. ब्रिटनचाच ड्वेन चेंबर्स १०.०८, त्याचा निकाल पुढे उत्तेजक द्रव्यामुळे रद्द झाला. एक माणूस पुढे, आणि त्याच्या मागे एका पंजावर तिघं जण. तो एक पंजा पन्नास हजार वस्तीच्या देशाचा होता. मायदेशात पुढे एका हमरस्त्याला त्याचं नाव दिलं गेलं.

मी तीस वर्षं शाळेत पी. टी. शिकवलं. आमच्या तालुका स्पर्धांत मातीवर फक्की मारून लेन आखतात आणि रेषेशी तीन शिक्षक स्टॉपवॉच घेऊन उभे राहतात. हाताने घेतलेली वेळ यंत्राच्या वेळेपेक्षा साधारण पाव सेकंदाने कमी भरते, म्हणून हिशोबात ०.२४ धरतात. पाव सेकंद म्हणजे चोवीस-पंचवीस पंजे! त्यात मुलाची खरी प्रगती कुठे दिसणार? सहा महिने घाम गाळून पोरगं दोन शतांशांनी सुधारतं आणि आमचं घड्याळ म्हणतं, तेवढाच. मग ते पोरगं सोडून देतं. अशी मुलं माझ्याच हातून गेली आहेत, आणि ती मला अजून आठवतात. म्हणून मला किमची गोष्ट जवळची वाटते.

दुसरी गोष्ट त्याच्या अंगाची. शंभर मीटरवाले म्हणजे दंड-छाती फुगलेले, असं चित्र आपल्या डोक्यात असतं. किम उंचीने मध्यम, अंगाने सडसडीत. जिममध्ये वजनं उचलण्याच्या वाटेला तो गेला नाही, हे धावण्याच्या जगात सगळ्यांना ठाऊक होतं. याचा अर्थ आपल्या मुलांनी व्यायाम सोडावा असा नाही. पण शंभर मीटरमध्ये पन्नास-साठ मीटरनंतर प्रत्येक जण मंदावतोच. जो सगळ्यांत कमी मंदावतो तो जिंकतो. आणि कमी मंदावण्यासाठी जबडा, मान, खांदे सैल लागतात. आमची मुलं शेवटच्या वीस मीटरला दात-ओठ खातात, मुठी आवळतात आणि तिथेच अडतात. किमचं धावणं पाहा, गाल हलताना दिसतात इतका चेहरा सैल.

२००५ मध्ये हेलसिंकीला कांस्य आलं. पुढची काही वर्षं लोक त्याला संपलेला समजत होते.

२०११, दक्षिण कोरियातलं डेगू. किम पस्तीस वर्षांचा. उसेन बोल्ट चुकीच्या सुरुवातीमुळे बाद झाला, ती हीच शर्यत. योहान ब्लेक पहिला, वॉल्टर डिक्स १०.०८ ला दुसरा, आणि १०.०९ ला तिसरा किम. पुन्हा एक पंजा, या वेळी उलट बाजूला. पण मला त्याहून जास्त भावते ती त्या स्पर्धेतली चार गुणिले शंभरची रिले. जेसन रॉजर्स, किम कॉलिन्स, अँटॉइन अॅडम्स, ब्रिजेश लॉरेन्स. जमैकाने विश्वविक्रम केला, फ्रान्स दुसरा, आणि ३८.४९ सेकंदांत सेंट किट्स आणि नेव्हिस तिसरा. आपल्या एखाद्या तालुक्याच्या गावाने चार पोरं उभी करून जगात तिसरा नंबर काढावा, तसं हे झालं.

२०१२ चं लंडन मात्र दुखवणारं. उद्घाटनाला देशाचा ध्वज त्याच्या हातात होता, आणि शंभर मीटरच्या फेरीला तो उतरलाच नाही. बायकोला भेटायला क्रीडाग्रामाबाहेर गेल्यावरून संघाच्या अधिकाऱ्यांशी वाद झाला आणि त्याला वगळलं गेलं. छत्तीस वर्षांच्या धावपटूला यापुढे घरी बसायला हे कारण पुरेसं होतं.

तो बसला नाही. २०१३ मध्ये लोझानला ९.९७ धावला. मँचेस्टरचं ९.९८ मोडायला त्याला अकरा वर्षं लागली, आणि मोडलं ते एका शतांशाने. २०१४ मध्ये ९.९६. २०१५ मध्ये साठ मीटर ६.४७. २०१६ मध्ये रिओला तो आपल्या देशाकडून पुन्हा ऑलिंपिकला गेला आणि उपांत्य फेरीपर्यंत धावला. ऑलिंपिक पदक त्याला कधी मिळालं नाही.

रिओच्या आधी, २९ मे २०१६ ला, जर्मनीतल्या बोट्रोप नावाच्या शहरात एक स्पर्धा होती. वारा पाठीमागून, १.९ मीटर प्रतिसेकंद, नियमाने २.० पर्यंत चालतो. किमला चाळीस पूर्ण होऊन दोन महिनेही झाले नव्हते. वेळ आली ९.९३. चाळिशी ओलांडलेला माणूस दहा सेकंदांच्या आत धावल्याची ही जगातली पहिलीच नोंद.

आता पुन्हा पंजा धरा. ९.९८ आणि ९.९३ मध्ये पाच शतांश, पाच पंजे, म्हणजे अर्धा मीटर. मँचेस्टरचा सव्वीस वर्षांचा किम आणि बोट्रोपचा चाळीस वर्षांचा किम शेजारशेजारच्या लेनमध्ये उभे केले असते, तर चाळिशीतला किम अर्धा मीटर पुढे असता.